निरोपाचा प्रसंग

पडद्यावरचा राजा वनवासाला निघाला, तसा राजाचं काम केलेला श्रीपती खुर्चीत चुळबुळू लागला.

"आक्का, चल, घरी जाऊ," शेजारी बसलेल्या थोरल्या बहिणीचा खांदा हलवून तो म्हणाला. तिनेच त्याला लहानाचं मोठं केलं होतं. तापात तिचे कान गेल्यापासून ती माणसांचे ओठ वाचायची. आज मात्र तिला पडद्यावरच्या भावाशिवाय काही दिसत नव्हतं. तिने त्याचा हात झटकला.

मूकपटात नट तोंडाने काय बोलतो, हे कुणी विचारत नसे. "काहीही बडबड, पण डोळ्यांत पाणी आण," दिग्दर्शक म्हणाले होते. त्याच सकाळी आक्कापायी त्याचं तिसरं स्थळ मोडलं होतं. कॅमेरा तोंडासमोर आला, त्याने राणीचे हात हातात घेतले आणि मनात होतं तेच तो बोलून गेला. पाणी खरोखरच आलं.

आता तोच चेहरा पडदाभर पसरला. श्रीपती धडपडत उठून आक्कापुढे उभा राहिला. "ओ, खाली बसा!" मागून लोक ओरडले. पेटीवाल्याने करुण सूर धरला, बायकांनी डोळ्यांना पदर लावले. आक्काने मान वाकडी करून त्याच्या आडून राजाचे ओठ वाचले : "या बहिरीचं ओझं कुठवर वाहू मी? मरत का नाही एकदाची?"

टाळ्यांचा कडकडाट झाला. दिवे लागले. श्रीपती तिच्या पायाशी बसून सांगू लागला, "आक्का, ते खरं नव्हतं गं, ते नुसतं..."

आक्काने शांतपणे डोळे मिटून घेतले.