समोरचा गडी

"समोर माणूस आहे की मशीन, एवढंच ओळखायचं," असं म्हणत लेकीने लॅपटॉप बाबांपुढे सरकवला आणि खुर्ची ओढून शेजारी बसली.

"मशीन असेल तर आधीच सांग. त्याला हरायची लाज नसते आणि जिंकायची हौस नसते. काय खेळायचं त्याच्याशी?"

बस आगारात वेळापत्रकं आखण्यात बाबांचा जन्म गेला होता. कुठे गाडी अडकली तर कुठली वळवायची, हे त्यांना झोपेतून उठवून विचारलं तरी सांगता यायचं. लेकीच्या कंपनीने बनवलेला हा किल्ल्यांचा आणि फौजांचा खेळ त्यांना आवडला नसता तरच नवल.

खरं तर समोर मशीनच होतं, आणि त्याला खेळायला तिनेच शिकवलं होतं. आधीचं मशीन कधी चुकतच नसे, त्यामुळे लोक दोन डाव हरले की खेळ बंद करून मोकळे होत. मग तिने त्याला मधूनमधून चुकायला लावलं, तर लोक आणखी चिडले. मुद्दाम हरणाऱ्याशी जिंकण्यात कसली आलीय मजा? शेवटी साहेबांनी हात टेकले. म्हणाले, माणसासारखं चुकणारं काहीतरी आण, नाहीतर दुकानाला कुलूप लावू.

काखेत कळसा असताना ती गावाला वळसा घालत होती. बाबा रोज दुपारी खेळायचे आणि त्यांचा प्रत्येक डाव कंपनीत साठून राहायचा. त्यांचे अलीकडचे सगळे डाव तिने मशीनला शिकवले आणि ऑफिसात धमाल उडाली. नवा गडी हल्ल्याला निघायचा आणि वाटेतच थांबायचा. बांधलेल्या भिंतीमागे तशीच दुसरी भिंत बांधायचा. पोरं त्याला लाडाने 'विसरभोळे सरदार' म्हणायला लागली. उद्या खेळ बाजारात जायचा होता आणि साहेब एवढ्या शेवटच्या परीक्षेसाठी थांबले होते. बाबा फसले की त्यांना सगळं सांगायचं, म्हणजे ते खूश होतील, असा तिचा बेत होता.

डाव सुरू झाला.

"अरे वा!" बाबा सरसावून बसले. "आधी नदी अडवली. मुरलेला गडी आहे हा."

थोड्याच वेळात समोरचे घोडेस्वार धूळ उडवत पुलापर्यंत आले आणि तिथेच उभे राहिले.

"हे बघ, थांबले!" बाबा हसले, तशी तीही हसली. त्या घोडेस्वारांना कापून काढायला बाबांना एक चाल पुरली असती. पण त्यांनी ती खेळली नाही. समोरच्याने भिंत बांधली. मग तिच्यामागे आणखी एक बांधली. धान्याच्या कोठाराचा दरवाजा सताड उघडा राहिला.

बाबांचं हसू मावळत गेलं.

"माणूस आहे," ते म्हणाले.

लेकीच्या अंगावर मूठभर मांस चढलं. साहेबांना कळवायला तिने फोन हातात घेतला.

"पण हा चुकत नाहीये गं."

"म्हणजे?"

"चुकणारा घाई करतो, हावरटपणा करतो. याला सगळं येतंय. सुरुवात कशी केली बघितलंस ना? मधेच काहीतरी हातून निसटतं त्याच्या. पुलापर्यंत घोडे आणले, आणि कशाला आणले तेच आता आठवत नाहीये."

"कंटाळला असेल, बाबा."

"कंटाळलेला माणूस उठून जातो. ही दुसरी भिंत बघ. पहिली बांधल्याचं त्याच्या गावीही नाही."

परवा बाबा आईला मावशीकडून आणायला म्हणून गेले होते आणि केळी घेऊन परत आले होते. आई तिकडे पिशवी भरून दारात बसलेली. रात्री घरात सगळे पोट धरून हसले, आणि बाबा सगळ्यांत जास्त हसले. लेकीला ते आठवलं. गेले कितीतरी आठवडे ती बाबांच्या डावांतल्या याच चुका तांदळातल्या खड्यांसारख्या एकेक वेचत होती. एवढ्या जवळून त्या दुसऱ्या कुणीच पाहिल्या नव्हत्या. आणि तिला त्या गोड वाटल्या होत्या. तिला स्वतःची लाज वाटली. तिने फोन पालथा घातला.

"बंद करूया का, बाबा? जेवायची वेळ झाली."

"थांब जरा."

बाबांनी आपले सैनिक हलवले. ते आता उघड्या कोठारावर तुटून पडणार, असं तिला वाटलं. पण दरवाजाशी पोचल्यावर बाबांनी त्यांना कोठाराकडे पाठ करून एका रांगेत उभं केलं.

"हे काय करताय?"

"पहारा. रानातले लुटारू शिरले तर धान्य जाईल ना बिचाऱ्याचं."

समोरच्या गड्याने तिसरी भिंत बांधायला घेतली. बाबा हनुवटीला हात लावून बघत राहिले.

"तू ओळखतेस याला?"

"हो," ती कशीबशी म्हणाली.

"मग त्याच्या घरी कुणाला तरी सांग," पडद्यावरची नजर न काढता बाबा म्हणाले. "अजून हसत असतील ते."