बारा जणांची टीम

"बाकीच्या आठ जणांचं काय सांगायचं?" नणंदेने विचारलं.

"रजेवर आहेत," ती म्हणाली आणि मशीनवरचा पसारा आवरू लागली.

ती कापडी पिशव्या शिवायची. फोटोंच्या ॲपवर ती खिडकीतल्या उन्हात शांतपणे सुई ओवणारी कलाकार होती. नातेवाइकांच्या ग्रुपवर तिची कंबर कायम धरलेली असे, म्हणजे कुणी मुक्कामाला येत नसे. आणि धंद्याच्या साइटवर तिची बारा जणांची टीम होती.

तिथेच एका मोठ्या कंपनीने तिला गाठलं. तीनशे पिशव्या हव्या होत्या, पण साहेब आधी काम बघायला येणार होते. ऑर्डर हुकली तर पुन्हा कपड्यांच्या कारखान्यात दिवसभर कॉलर जोडत बसायचं. नऊ वर्षं तिने तेच केलं होतं. 

म्हणून सासूबाई गुणवत्ता विभाग झाल्या. सुनेच्या चुका काढायचा अनुभव दांडगा होता. नणंद कटिंगला बसली. उत्पादन प्रमुख म्हणून वरच्या मजल्यावरचे काका आले. काका निवृत्त निवेदक. त्यांनी नुसतं पाणी मागितलं तरी समोरचा उठून उभा राही.

"आवाजाची किरकोळ कामं अजून करतो मी," काका म्हणाले होते. "मधे फोन आला तर तेवढा घेईन."

त्यांना तिने आतल्या खोलीत, पडद्यामागे बसवलं. हाक मारली की रुबाबात बाहेर यायचं, असं ठरलं.

साहेब आले. टाय कडक, पण कोटाच्या बाह्या बोटांवर उतरलेल्या. त्यांनी एक पिशवी उचलली, तिचा बंद दोन्ही हातांनी ओढून पाहिला. टाका हलला नाही.

"शिलाई कुणाची?"

"माझी," ती बोलून गेली. मग जीभ चावली. "म्हणजे, टीमची."

"सगळ्या हिच्याच," सासूबाई अभिमानाने म्हणाल्या. "मी तपासते ना."

तिला धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं झालं.

"काम पसंत आहे," साहेब सावकाश म्हणाले. "दुकानदार पिशव्यांची वाट बघतायत. पण बारा जण म्हणून लिहिलं होतंत. आता आमच्या हेड ऑफिसला विचारावं लागेल. शेवटचा शब्द त्यांचा."

त्यांनी फोन लावून स्पीकर चालू केला. नेमका त्याच वेळी पडद्यामागे काकांचा फोन खणखणला. आता हसं होणार, म्हणून तिने डोळे मिटून घेतले.

"नमस्कार, हेड ऑफिस," आवाज आला. फोनमधूनही आणि पडद्यामागूनही.

तिने डोळे उघडले. साहेबांचा चेहरा पांढराफटक पडला होता. तिचा मात्र जीव भांड्यात पडला.

"देऊन टाका ऑर्डर," हेड ऑफिस भारदस्तपणे म्हणालं. "बाई तुमच्यासारख्याच एकट्या आहेत."