चौदावा ग्लास

बाबांनी चौदावा ग्लास भरून आईच्या हातात दिला, आणि रुचिराचा संयम संपला.

ती कालच नागपूरहून आई-बाबांच्या अधारतालच्या घरी आली होती. महिन्यापूर्वी आईच्या, अनसूयाबाईंच्या, फुप्फुसात पाणी भरलं होतं. दहा दिवस दवाखान्यात काढावे लागले. हृदय थकलं आहे, चहासकट दिवसाला बाराशे मिलीच्या वर पाणी पोटात जाता कामा नये, पुन्हा असं झालं तर आमच्या हातात काही राहणार नाही, असं डॉक्टरांनी घरी सोडताना बजावलं होतं.

बाबांनी, म्हणजे नीलकंठरावांनी, त्याच दिवशी तक्ता करून फ्रिजवर चिकटवला. संरक्षण कारखान्यात पस्तीस वर्षं मापं तपासलेला माणूस. सुतभर चुकलेला माल परत पाठवायचा आणि वर सगळ्यांच्या शिव्या खायचा. त्यांनी मिलीचे ग्लास केले, आईच्या स्टीलच्या दोन्ही ग्लासांत आतून कानशीने सारखी रेघ ओढली, आणि तक्त्यावर ठसठशीत अक्षरांत लिहिलं: एक ग्लास म्हणजे शंभर मिली, दिवसाला ग्लास बारा. चहासुद्धा त्याच ग्लासात, त्याच रेघेपर्यंत.

आणि हाच माणूस काल चौदा ग्लास देऊन मोकळा झाला होता, आजही तेच. संध्याकाळी बारा संपले की आई हळूच म्हणायची, घसा सुकला जी, एक द्या ना. बाबा कपाळाला आठ्या घालायचे, घड्याळाकडे बघायचे, नाही नाही म्हणत उठायचे. मग थोडा वेळ गिटार, आणि त्यानंतर आणखी एक ग्लास. रुचिराने मनातल्या मनात हिशेब केला. चौदा म्हणजे चौदाशे. रोजचे दोनशे जास्त.

"बाबा, तुम्ही काय करून राहिले? डॉक्टरांनी काय सांगितलं होतं?"

बाबांनी तिच्याकडे पाहिलं आणि गिटार पुन्हा मांडीवर घेतली. रुचिराला ते सोंग वाटलं.

पूर्वी या घरात चाल आई गायची आणि बाबा खाली गिटारवर नुसते कॉर्ड, एकत्र वाजणारे सूर, धरायचे. आता आईचा दम दोन ओळीही पुरत नव्हता. म्हणून अडुसष्टाव्या वर्षी बाबा एकट्याने दोन्ही वाजवायला शिकत होते. वरच्या तारांवर आईची चाल, तिच्याखाली स्वतःचे कॉर्ड, सगळं एकाच हाताने धरायचं. जॅझवाले असं वाजवतात. तरुणपणी कांचघरला राहणाऱ्या एका रेल्वेच्या गार्डसाहेबांनी त्यांना हे दाखवलं होतं, पण तेव्हा गरजच पडली नाही. घरात गाणारी होती.

बाबांनी चाल सुरू केली. बोटं जाड झालेली, पसरता पसरत नव्हती. तरी रुचिराला ती चाल भरलेली वाटली आणि त्याचाही तिला राग आला.

"गार्डसाहेब म्हणायचे," बाबा मान वर न करता म्हणाले, "'पूरा कॉर्ड मत बजाओ, नीलकंठ. जो छोड़ोगे, वो कान भर लेगा.' आता पाच सुरांतले दोन मी सोडून दिले. तुला कमी वाटले का?"

आईच्या जिवाचा प्रश्न असताना यांना गिटार सुचते, असं म्हणत ती स्वयंपाकघरात गेली. माप त्यांच्याच तोंडावर टाकायचं तिने ठरवलं. औषधाच्या बाटलीचं दहा मिलीचं झाकण तिने घेतलं आणि धुवून ठेवलेल्या दुसऱ्या ग्लासात रेघेपर्यंत पाणी ओतत गेली. आठ झाकणं. नवव्याचं अर्धंच मावलं. तिने ग्लास पालथा करून पुन्हा मोजलं. पुन्हा साडेआठ.

पंच्याऐंशी मिली. आयुष्यभर सुतभर चूक न खपवणाऱ्या माणसाने फ्रिजवर शंभर लिहून ठेवलं होतं.

तिने तिथेच, ओट्याला टेकून, गुणाकार केला. चौदा गुणिले पंच्याऐंशी, अकराशे नव्वद. बाराशेला दहा कमीच. प्रत्येक ग्लासातून थोडं थोडं काढून बाबांनी आईसाठी दोन ग्लास वाचवले होते. तिला स्वतःची लाज वाटली आणि रडूही आलं.

गवळ्याची हाक आली तसे बाबा गिटार ठेवून फाटकाकडे गेले. रुचिरा डोळे पुसत आईजवळ येऊन बसली. आई एकेक घोट पुरवून पुरवून पीत होती.

"मोजून आलीस?" आईने विचारलं.

रुचिरा दचकली.

"बाबांना सांगू नको. दवाखान्यात नर्स शंभर मिली मोजून याच गिलासात ओतत होती. दहा दिवस पाहिलं मी, पाणी बरोबर या वळीला टेकत होतं." आईने ग्लासाच्या गळ्याजवळच्या उठावाच्या वळीवर बोट ठेवलं. "घरी आल्यावर पाहते तर यांची रेघ अर्धं बोट खाली. पहिल्याच दिवशी समजलं."

"म्हणजे जास्तीचं काही मिळत नाही, माहीत आहे तुला. मग काहून मागतेस रोज?"

आईने फाटकाकडे पाहिलं. बाबा दुधाचं भांडं सांभाळत, ओठांत तीच चाल घोळवत परत येत होते.

"दिवसभर मला नाही म्हणता म्हणता त्यांचा चेहरा उतरून जाते," ती म्हणाली. "दोनदा तरी त्यांना हो म्हणता आलं पाहिजे ना."