फूम आचार्यांच्या पाच ओळी

“उशी मिठीत घे आणि वाक,” आचार्य फूम म्हणाले. “आणि श्वास सोड, बाबा. लग्नासाठी आलायस ना? चेहरा तर फाशीला निघाल्यासारखा केलायस.”

मॅड्सने शर्ट काढला, उशी छातीशी कवटाळली आणि आचार्यांकडे पाठ केली. तबकात कमळं होती, उदबत्त्या होत्या, मेणबत्ती जळत होती. शेजारी हातभर लांब पोलादी सुई. सुईकडे बघायचंच नाही असं ठरवून तो आला होता आणि आल्यापासून दुसरीकडे कुठे त्याची नजर गेली नव्हती.

सायकलवरून जग बघायला निघालेला हा डॅनिश पोरगा. था चीन नदीच्या काठी चाक पंक्चर झालं म्हणून थांबला आणि तिथेच अडकला. पंक्चर तासाभरात निघालं, पण फिकुनच्या टपरीवरच्या नूडल्सचा मोह काही सुटेना. वर्षभरात तो थाई बोलायला शिकला, तिखट खायला शिकला आणि शेवटी धीर करून तिच्या बापासमोर जाऊन बसला.

तिचा बाप थवीकाका म्हणजे जुना नावाडी. या काठावर खोकला तर पलीकडची कुत्री भुंकायला लागत.

“मुलगी देतो,” काका म्हणाले होते, “पण फूम आचार्यांच्या मंतरलेल्या पाच ओळी खांद्यावर गोंदवून घ्यायच्या. मध्येच उठलास तर सोयरीक तिथेच मोडली.”

मॅड्सला सुईची एवढी धास्ती, की एकदा रक्त तपासायला गेला तो नर्सच्याच अंगावर कोसळला होता. फिकुनला हे ठाऊक होतं. ती उसळली.

“बाबा, ही कसली अट? असली अट घालतं का कुणी?”

“मी नाही घेतल्या?” काका गरजले.

घेतल्या होत्या. साऱ्या गावाला पाठ होतं ते. फक्त काकांच्या ओळी तेलाच्या. सुई तीच, कळ तीच, पण शाईऐवजी मंतरलेलं तेल, त्यामुळे डोळ्यांना काही दिसत नाही. दिसत नसल्या तरी त्यांचा गुण सांगताना काकांचं तोंड दुखत नसे. पुरात नाव उलटली, काका-काकू एका ओंडक्याला धरून सुखरूप काठाला लागले. उसाचा ट्रक टपरीत घुसला, आत काका-काकू जेवत बसलेले, कुणाला खरचटलंही नाही. “पाच ओळींचा प्रताप!” म्हणून काका मांडीवर थाप मारत. ऐन एप्रिलातही गळाबंद पोलकं घालून वावरणाऱ्या लमायकाकू भात वाढता वाढता म्हणत, “हो ना. मासा घ्या अजून.”

त्या दिवशीही काकूच शांतपणे म्हणाल्या, “जाऊ दे त्याला. मी येते सोबत.”

आचार्यांकडे पोचल्यावर काकांचा बेत बाहेर बाकावर बसून राहण्याचा होता. पण आचार्यांनी आतून हाक मारली. “थवी, ये आत. कातडी ताणून धरायला दोघं लागतात. ज्यांच्या घरात हा जाणार त्यांनीच धरावी.”

फिकुन खिडकीबाहेर थांबली. मॅड्सच्या मागे दोघं बसली. एका बाजूचे हात कोरडे आणि घट्ट होते. दुसऱ्या बाजूचे घामाने थबथबलेले, लटलट कापणारे. मॅड्सला भरून आलं. बिचारी बाईमाणूस, आपल्यासाठी किती जीव टांगणीला लावून बसलीय!

“काकू, घाबरू नका,” तो दात आवळून म्हणाला. “मला फार दुखणार नाही.”

कोरड्या हातांनी कातडी आणखी ताणली.

सुई चालू झाली आणि मॅड्सला आपले सगळे पूर्वज आठवले. पहिली ओळ संपेपर्यंत त्याने उशीचा कोपरा चावून ओला केला. दुसऱ्या ओळीला त्याने डॅनिश भाषेत काहीतरी सुनावलं. आचार्यांनी तो मंत्र समजून मान डोलावली.

“किती झाल्या?” खिडकीतून फिकुन.

“तीन!”

“मग रडतोस कशाला?”

“रडत नाहीये. घाम आहे!”

“घामाला हुंदके येतात होय रे?”

मॅड्सला रडता रडता हसू फुटलं. “हलू नकोस, ओळ वाकडी जाईल, मग बायकोही तशीच मिळेल,” आचार्यांनी दटावलं. चौथी ओळ त्याने हसण्यावारी नेली. पाचवीला मात्र डोळ्यांपुढे अंधारी आली. उठावं, सायकल काढावी आणि थेट कोपनहेगन गाठावं, असं अगदी वाटलं. मग खिडकीतून फिकुनचा आवाज आला, या वेळी अगदी हळू, “मॅड्स, एवढीच राहिलीय रे.” तो उठला नाही.

आचार्यांनी मंत्र म्हणून खांद्यावर फुंकर घातली. “झालं. हा आता तुमचा.”

फिकुन धावत आत आली ती तबक लवंडूनच. कमळं चटईभर पसरली. मॅड्स उशीसकट तिच्या गळ्यात पडला. त्याला इतका आनंद आयुष्यात कधी झाला नव्हता. काकांनी लुंगीला हात पुसले आणि घसा मोकळा केला. “शाब्बास! शोभतोस माझा जावई!”

मॅड्सने आचार्यांना हात जोडले. “एक विचारू? काकांसारख्या तेलाच्या ओळी मला का नाही दिल्यात?”

आचार्य सुई पुसायचे थांबले. “तेलाच्या? ती विद्या मला कुठे येते?”

काका छतावरची पाल निरखू लागले.

“तुमच्या घरात मी पाच ओळी दिल्यात, हे मात्र खरं,” आचार्य म्हणाले. “तीसेक वर्षं झाली असतील. बघू दे, शाई कितपत टिकलीय.”

ते सरकले ते काकांकडे नव्हे. लमायकाकू त्यांच्याकडे पाठ करून बसल्या आणि त्यांनी पोलकं डाव्या खांद्यावरून खाली घेतलं.