अकरा मीटर

“अंगठा आपसूक कुठं पडते? खाली, उजव्या कोपऱ्यात. मंग गेम तिथंच पाह्यजे,” राखी म्हणाली, आणि मैत्रिणीच्या, अलीजाच्या, फोनवरचं गेमचं चित्र बोटानं ओढत तिनं कोपऱ्यात नेऊन सोडलं. “आता शोधत बसाचं काम नाही. एक टिचकी, अन् सुरू.”

सुट्ट्या लागल्यापासून वडनेरात तिचा हाच उद्योग चालला होता. कुणाचा फोन असो की दुकानातला कॉम्प्युटर, गेम एका टिचकीत उघडला पाहिजे, अशी सोय ती करून द्यायची. नववीतल्या पोरी तिला ‘शॉर्टकटवाली मॅडम’ म्हणायच्या. तिला ते आवडायचं. खरं तर फार आवडायचं.

“सकाळी आबाच्या फोनवर बी टाकला,” ती म्हणाली. “त्याहिचा स्क्रीन मोठा हाये. संध्याकाळी आपण दोघी शर्यत लावू. नाव ठेवलं, महादेव रॉकेट.”

अलीजा हसता हसता ओट्यावरून घसरायचीच बाकी राहिली. राखीचे आजोबा महादेवराव पंच्याहत्तरीचे. अक्षर ओळखत नाहीत. सकाळीच संत्र्याच्या झाडांना पाणी सोडायला वावरात गेलेले.

गेम साधाच होता. दोन वेण्यांची एक मुलगी रस्त्यानं धावते. वाटेत दगड, ओंडके, खड्डे. बोट फिरवून तिला वाचवायचं. नाही वाचवलं तर ती धपकन पडते. मग स्क्रीनवर कुठंही टिचकी मारा, ती उठते आणि पुन्हा पहिल्यापासून धावते.

राखीचा फोन वाजला. ‘महादेव रॉकेट धावू लागले आहेत. तुम्ही येता?’

“पाह्य, लागला तुह्या आबाले नाद,” अलीजा म्हणाली. “झाडं राह्यली तहानलेली.”

लगेच दुसरा निरोप आला. ‘महादेव रॉकेट : ११ मीटर.’ गेममधला पहिला दगड अकरा मीटरवरच होता. मग पुन्हा अकरा मीटर. पुन्हा अकरा.

“एखाद डाव बोट तं हलवा म्हणा त्याहिले,” अलीजा म्हणाली.

पाचव्यांदा अकरा. सहाव्यांदा अकरा. राखी हसायची थांबली. नवशिका माणूसही दुसऱ्या डावात दगड चुकवायला बोट हलवतो. हे नुसतं दाबणं होतं. एकाच जागी, पुन्हा पुन्हा.

तिची नजर हातातल्या अलीजाच्या फोनवर गेली. खाली, उजवा कोपरा.

संक्रांतीच्या वेळी तिनंच आबांच्या फोनवर त्या कोपऱ्यात स्वतःचा फोटो ठेवला होता. ‘काही वाचाचं नाही, काही शोधाचं नाही. इथं अंगठा दाबला का मले फोन लागते.’ आबांनी आठवडाभर सराव केला. दिवसातून दहा-दहा वेळा. ती वैतागली होती. त्यानंतर मात्र डोळे मिटले तरी त्यांचा अंगठा बरोबर तिथंच पडायचा. आणि आज सकाळी गेमला जागा हवी म्हणून तिनं तो फोटो ओढून मागच्या पानावर टाकला. आबांना सांगायचं राहूनच गेलं.

तिनं आबांना फोन लावला. एक रिंग गेली आणि फोन कापला गेला. पाठोपाठ निरोप आला. अकरा मीटर.

“अलीजा, आबा खेळून नाही राह्यले,” ती म्हणाली. “मले बोलावून राह्यले.”

अलीजा तिच्या अब्बूंचा ऑटो आणायला पळाली. राखीला तेवढाही दम नव्हता. ती तशीच निघाली, पायात चपलासुद्धा नव्हत्या. भर दुपारची वेळ. वावराकडं जाणाऱ्या पांधणीतला फुफाटा तव्यासारखा तापलेला. दीड किलोमीटर. वाटेत ठेच लागून ती आडवी झाली, गुडघा फुटला. उठली, पुन्हा धावली.

बागेत कुणी नव्हतं. नळीतून पाणी वाहून बांधापलीकडे गेलं होतं. मग तिला ऐकू आलं. कोरड्या नाल्यातून त्या गेमचं डुगडुग संगीत येत होतं.

आबा नाल्याच्या तळाशी उताणे पडले होते. एक पाय मांडीपासून भलतीकडेच वळलेला. ओठ सुकून पांढरे झालेले. चष्मा कुठं तरी उडालेला. फोन मात्र दोन्ही हातांनी तोंडासमोर धरलेला, आणि अंगठा कोपऱ्यावर.

राखीनं ओढणी नळीच्या पाण्यात भिजवून आणली. त्यांच्या तोंडावरून फिरवली, डोक्यावर सावली धरून बसली. लांबून ऑटोचा आवाज येऊ लागला.

“आबा, चूक झाली माही. तुमी इतक्या डाव दाबलं, अन् मले फोनच नाही लागला.”

आबांनी डोळे बारीक करून तिच्याकडे पाहिलं.

“लागला नाही कसा? लागला तं व्हता,” ते म्हणाले. “मधात दुसऱ्याच कोणाचा आला, त्याले लाल बटन दाबून कापलं म्या. म्हटलं, पोरगी दिसाची बंद होईन.”

“कोणती पोरगी?”

आबांनी तिची एक वेणी धरली.

“तूच ना माय. फोनात धावत येताना दिसून राह्यली होती. धपकन पडाची, मी दाबलं का उठाची, अन् परत माह्याकडं धावाची.”