समासातला मजकूर

“ह्ये पान छापू नगासा,” शालूबाई म्हणाल्या आणि टेबलावरच्या मुद्रितावर हात ठेवून बसल्या.

सोमशेखर सरांनी घड्याळ पाहिलं. तीन वीस. कोल्हापूरच्या संगीतकारांचा कोश, त्यांचं अकरा वर्षांचं काम, चार वाजता मशीनवर चढायचा होता. छापखान्यातून दोनदा फोन येऊन गेला होता.

“काकी, काय चुकलंय त्यात?”

कृष्णात मास्तर हे सरांचे पेटीचे गुरू. त्यांच्या नोंदीला सरांनी चार पानं दिली होती, अख्ख्या कोशात सगळ्यांत जास्त. बेचाळीस नाट्यगीतांच्या चाली, प्रत्येकीचा राग, साल, स्वरलिपीच्या वहीतला पान क्रमांक. मास्तरांच्या बायकोला राग यावा असं त्यात काहीच नव्हतं.

“चाली त्येंच्या न्हाईत. माझ्या हाईत.”

शालूबाईंचा मुलगा अमरसिंह दारातच थबकला. रविवारी मास्तरांच्या नावाच्या सभागृहाचं उद्घाटन होतं. पत्रिका वाटून झाल्या होत्या. “आई, सकाळी तुला हे पान वाचून दाखवलं हीच माझी चूक झाली,” तो म्हणाला. “सर, तिचं वय झालंय. तुम्ही छापा.”

“वय झालंय. येड न्हाय लागलं.”

“मग इतकी वर्षं बोलला का नाहीत, काकी?” सरांनी विचारलं.

“घरातली बाई नाटकाच्या चाली बांधती म्हटलं असतं, तर सासऱ्यानं पेटी चुलीत घातली असती. फुडं कुणी इचारलं न्हाय. आता छापून यायला लागलंय. छापल्यावर कोण इचारणार?” त्यांनी हात उचलला आणि मुद्रिताची शेवटची पानं पुढं सारली. “आन् माझ्या नावाफुडं एकच वळ.”

ती ओळ सरांना पाठ होती. ‘शालूबाई – पाहा : कृष्णात मास्तर.’ ज्याला स्वतःची नोंद नाही त्याला दुसऱ्याच्या दाराकडे बोट दाखवायचं, ही कोशाची रीतच आहे. त्यात आजवर कुणाचा अपमान झाल्याचं सरांना कधी वाटलं नव्हतं.

“काकी, माझा शब्द पुरत नाही, तुमचाही नाही. कोशाला पुरावा लागतो.”

“वही तुमच्याकडंच हाय की.”

“वहीवर मास्तरांचं नाव आहे.”

“नाव त्येंनी घातलं. आत काय हाय?”

“चाली.”

“आन् चालीच्या कडंला?”

मास्तरांच्या कागदपत्रांबरोबर अमरसिंहानंच ती वही आणून दिली होती. सरांनी तिची लांबी-रुंदी मोजली, पानं मोजली, शाईचा रंग लिहून घेतला. शेवटी एक ओळ टाकली : ‘समासात असंबद्ध मजकूर.’ तो मजकूर त्यांनी वाचला मात्र नव्हता. पुराव्यासाठी पुणे-मुंबईच्या ग्रंथालयांत खेटे घातले, आणि पुरावा स्वतःच्या कपाटात. काखेत कळसा नि गावाला वळसा, तो असा.

त्यांनी कपाटातून वही काढली आणि शालूबाईंना दिसणार नाही अशी धरली. म्हातारी खरं बोलत असेल, याचीच आता त्यांना भीती वाटू लागली होती.

“सातवी चाल,” ते म्हणाले.

“भैरवी. कडंला लिवलंय, तांदूळ भिजत घातले.”

सरांनी पान उलटलं. समासात तेच होतं : तांदूळ भिजत घातले.

“कधीतरी चाळली असेल तिनं,” अमरसिंह म्हणाला, पण त्याचा आवाज उतरला होता.

“एकोणिसावी?” सरांनी विचारलं.

शालूबाईंनी डोळे मिटले. टेबलावरची बोटं हलायला लागली, पेटीवर चालावीत तशी. फोन वाजला. सरांनी तो तसाच वाजू दिला.

“चल आई, उठ,” अमरसिंह म्हणाला.

“त्या चालीचा अंतराच सुचंना,” शालूबाई म्हणाल्या. “निम्मी झाली आन् पोरगं तापलं. मिठाच्या पाण्याच्या घड्या ठेवत बसले. ताप उतराय लागला, तवा अंतरा आला. मधी लिवलंय बगा.”

सरांनी पान काढलं. चालीची सुरुवात, अस्ताई, एका दमात लिहिलेली होती. अंतरा खाली, बऱ्याच अंतरानं, थोड्या फिक्या शाईत. दोन्हींच्या मधे, समासात, चाल लिहिणाऱ्याचंच अक्षर. त्यांनी ते मोठ्यानं वाचलं.

“अमरला ताप. घड्या बदलल्या.”

अमरसिंह आत आला. वही त्यानं हातात घेतली नाही, वरूनच वाचली. पानाखालची तारीखही वाचली. मग आईच्या शेजारच्या खुर्चीवर बसला.

“तेव्हा आण्णा नाटक कंपनीबरोबर बेळगावला होते,” तो वडिलांबद्दल म्हणाला. “सहा महिने घरी आले नव्हते. हे आण्णांनीच मला सांगितलंय.”

फोन पुन्हा वाजला. या वेळी सरांनी उचलला.

“सर, मशीन लावून बसलोय. चढवू का?”

“थांबा. ‘क’मधली चार पानं काढून ‘श’मध्ये घाला, शालूबाईंच्या नावाखाली. मजकूर सुधारून पाठवतो. ‘क’मध्ये मास्तरांचं नाव ठेवा, आणि पुढं ‘पाहा : शालूबाई’.” ज्या माणसानं बोट धरून पेटीवर ठेवायला शिकवलं, त्याचं नाव सरांनी एका ओळीवर आणलं.

“येवढं बी करू नगासा,” शालूबाई म्हणाल्या. “पेटी त्ये चांगली वाजवायचे. त्येवढं ऱ्हाऊ द्या.”

सरांनी तेही त्या ओळीत घालायला सांगितलं आणि लाल पेन घेऊन दुरुस्तीला बसले. नोंदीच्या शेवटी वहीचं वर्णन होतं. तिथं येऊन ते अडले. ‘असंबद्ध मजकूर’ हे शब्द त्यांनी खोडले. त्या जागी काय लिहावं ते सुचेना, म्हणून वहीतलं होतं तसं उतरवून काढलं :

समासात : तांदूळ भिजत घातले. अमरला ताप. घड्या बदलल्या.