दहावं वळण

"तो कोण?" डंकन ॲशबीने रेडिओवर विचारलं.

टायर बदलायला त्याची रेसिंगची गाडी गॅरेजसमोर उभी होती. आत कॉम्प्युटरच्या पडद्यांसमोर बसलेला त्याचा इंजिनियर मयुरेश क्षणभर अडखळला.

"पाहुणा आहे," तो म्हणाला. "जाहिरातदारांकडून आलाय."

डंकनने हेल्मेटच्या फटीतून पाहुण्याला न्याहाळलं. अंगात टीमचा टी-शर्ट, कानांवर हेडसेट आणि पायांत पातळ तळव्याचे रेसिंगचे बूट. बुटांवर त्याची नजर जरा रेंगाळली. असले बूट घालून कुणी पाहुणा येत नाही.

"मग त्यालाही ऐकू दे," डंकन म्हणाला. "एकेक वळण त्याला समजेल असं सांगतो."

मेकॅनिक "यल्ला, निघ!" म्हणून ओरडला आणि गाडी सुटली.

पाहुणा म्हणजे विनीत, पुण्याच्या एका बड्या कारखानदाराचा मुलगा. दुपारनंतर ही गाडी त्याची होणार होती. अख्ख्या टीमला ते ठाऊक होतं, फक्त डंकनला सोडून. लहानपणी इंग्लंडच्या पावसात कार्टिंगला बसलेला हा माणूस फॉर्म्युला थ्रीपर्यंत शर्यती जिंकत आला होता. वरच्या दारापर्यंत दोनदा पोचला आणि दोन्ही वेळा कुणाचा तरी श्रीमंत बाप त्याच्या आधी आत शिरलेला होता. आता तिशी उलटल्यावर आखातातल्या साखीरच्या ट्रॅकवर या छोट्या टीमने त्याला सांगितलं होतं, की आजच्या चाचणीवर तुझं पुढचं वर्ष ठरेल. ठरलेलं होतं कालच. पण गाडी ट्रॅकला नीट जुळवून घ्यायला त्याच्याइतका चांगला हात नव्हता, म्हणून सकाळ तेवढी त्याच्याकडून काढून घ्यायची होती. त्याला आधी कळलं तर पहिला तू जाशील, असं मॅनेजरने मयुरेशला बजावलं होतं. मयुरेशचा व्हिसा टीमच्या नावावर होता. जवळच्या सनद गावातलं घर, बायकोची, सावनीची नोकरी, मुलीची शाळा, सगळं त्या व्हिसाला टांगलेलं. म्हणून पाच वर्षं ज्याच्या कानात बोलत आला, त्याचा तो सकाळपासून केसाने गळा कापत होता.

डंकन मात्र मन लावून शिकवत होता. इथे वाळू येते, इथे गिअर लवकर टाक, इथे कडेच्या पट्टीवर चढलं तरी चालतं.

विनीत खूश होता. हेडसेटचा एक कान सरकवून तो हसला. "मयुरेशदादा, हा म्हातारा स्वीट आहे हो. फुकटची शिकवणी!"

मयुरेश टायरचे आकडे टिपत राहिला.

"आता दहावं," डंकनचा आवाज आला. "उतारावर आहे, डावीकडे. वळणाआधी शंभर मीटरवर पाटी आहे, त्या शंभरच्या पाटीपर्यंत ब्रेकला पाय लावायचा नाही. भीती वाटते, पण गाडी थांबते."

मयुरेशने पडद्याकडे पाहिलं. डंकनने ब्रेक दाबला की तिथे लाल रेघ उठायची. ती शंभरच्या पाटीच्या कितीतरी आधीच उठली होती. त्याला वाटलं, बोलता बोलता चुकला असेल. पुढच्या फेरीला डंकनने पुन्हा तेच सांगितलं आणि रेघ पुन्हा तिथेच, आधी, उठली. वारा पाठीमागून होता, गाडी थांबायला जास्त जागा लागत होती. शंभरच्या पाटीपर्यंत थांबणारा सरळ बाहेरच्या टायरांच्या भिंतीत जाणार होता. बाकीची सगळी वळणं डंकनने अगदी खरी सांगितली होती.

विनीत डोळे मिटून, हाताने हवेत स्टिअरिंग फिरवत ते पाठ करत होता.

डंकन परत आला. मॅनेजरने त्याला बाजूला घेतलं आणि दोन वाक्यांत मोकळा केला. डंकनने मान हलवली, मॅनेजरशी हस्तांदोलनही केलं. मग कपडे बदलायला जायचं सोडून तो मयुरेशच्या खुर्चीशेजारी येऊन उभा राहिला. मयुरेशला मान वर करवेना.

विनीतची पहिली फेरी सावकाश झाली. दुसरीला त्याने गाडी पळवायला घेतली.

"मयुरेशदादा," रेडिओवर त्याचा आवाज चढला होता. "दहाव्याला शंभरची पाटीच ना? सिम्युलेटरवर मी खूप आधी ब्रेक मारायचो."

एका शब्दाचं काम होतं. 'आधी' म्हटलं की पोरगा वाचत होता, आणि डंकन काय करून बसला हे कुणाला कळायचंही कारण नव्हतं. डंकनला मराठी येत नव्हती, पण प्रश्न काय असणार हे त्याला समजलं होतं. तो पडद्याकडे नाही, मयुरेशच्या तोंडाकडे बघत होता.

मयुरेशला सकाळपासून स्वतःची किळस येत होती. ती कुणाच्या तरी अंगावर टाकल्याशिवाय आता त्याला राहवेना. 'फुकटची शिकवणी' हे शब्द कानातून जात नव्हते.

"दादा, पटकन सांगा," विनीत म्हणाला.

मयुरेशने बटण दाबलं.

"शंभरच," तो म्हणाला. "डंकन खोटं कशाला सांगेल?"